दाढीवाली आत्या

माझ्या मुलीच्या आत्याला दाढी आहे.

आयर्लंडमधल्या कासलबारमध्ये हे मी आता कुणालाही सांगतो. आयरिश माणूस "ग्रँड", म्हणजे छान, म्हणतो आणि पावसाच्या विषयाकडे वळतो. आपल्या लोकांना मात्र सगळं पहिल्यापासून सांगावं लागतं, तेव्हा सांगतो.

मी इथल्या एका वैद्यकीय उपकरणांच्या कारखान्यात गुणवत्ता विभागात काम करतो. खोक्याच्या लेबलवर जे लिहिलंय तेच खोक्यात आहे याची खात्री करून सही करायची, हे माझं काम. सहा वर्षांत माझ्या सहीचं एकही खोकं चुकीचं गेलेलं नाही. हे आत्ताच सांगून ठेवतो, कारण पुढचं वाचल्यावर कुणाचा विश्वास बसणार नाही.

या नोकरीपर्यंत मी पोचलो तो ताईच्या शिलाई मशीनवर बसून. म्हणजे मशीनवर ती बसायची, पोचलो मी. आमच्या घरात माझ्याआधी कुणी दहावीच्या पुढं गेलेलं नव्हतं. ताईनं नववीत शाळा सोडली आणि वडूजच्या निम्म्या बायकांचे ब्लाऊज शिवून मला इंजिनिअर केलं. ती आईवडिलांची तिसरी मुलगी, म्हणून तिचं नाव 'नकुसा' ठेवलं होतं. असं नाव ठेवलं की पुढचा मुलगा होतो म्हणे. पुढचा मी झालो. माझ्या जन्माचं सगळं श्रेय त्या नावाला मिळालं आणि गडबडीत तिचं नाव बदलायचं राहून गेलं. मी तिला आयुष्यभर ताई म्हणत आलो; दुसरं काही म्हणायला तोंड उघडत नाही.

तर आम्हाला मुलगी झाली तेव्हा एकच गोष्ट पक्की होती. बारशाला नाव ठेवणार ती आत्या, म्हणजे ताई. तिनं आयुष्यात पहिल्यांदा पासपोर्ट काढला. हिरवी इरकल साडी स्वतःसाठी घेऊन ठेवली, कारण आत्याचा मान म्हणून साडी मिळते आणि भावाला रंगातलं कळत नाही याची तिला खात्री होती. ती साडी मी तिच्या ओटीत घालावी म्हणून आधीच कुरिअरनं माझ्याकडं पाठवून दिली. साडी आठ दिवसांत आली. ताईचा व्हिसा आला नाही.

बाराव्या दिवसाचं बारसं आम्ही महिन्यावर ढकललं, महिन्याचं तीन महिन्यांवर. शेवटी माझ्या सासूबाई, ज्या बाळंतपणासाठी पुण्याहून आल्या होत्या, त्यांच्या परतीच्या तिकिटाची तारीख आली.

"संदीप, मी बारसं केल्याशिवाय जाणार नाही," त्या म्हणाल्या, "आणि विमान माझ्यासाठी थांबणार नाही. आता तुम्हीच ठरवा."

ताईला फोन लावला. मशीनचा खडखडाट थांबला. 

"माझ्या जागी बसवाय हाय का कोण तिकडं?" तिनं विचारलं. "भनीगत?"

मी तत्काळ म्हणालो, "आहे की. साशा आहे."

साशाबद्दल आता सांगायला हवं. आम्ही बाळाला घेऊन घरी आलो त्या दिवशी दारात एक झाकलेलं पातेलं होतं. आत लालभडक बिटाचं सूप. वर चिठ्ठी: 'आईसाठी. साशा, पलीकडचं घर.' सासूबाईंनी चव घेतली. "सार बरं जमलंय. फक्त हिंग विसरलीय बिचारी." दोन दिवसांनी लोकरीची पिवळी टोपी आली, 'छोट्या माणसासाठी'. मग मोजे, मग मध, मग बाळ रडायचं थांबत नाही तेव्हा वापरायची एक गरम पाण्याची पिशवी. दुसऱ्या चिठ्ठीवर फोन नंबर होता. त्या नंबरावर मी आभार मानायचो आणि साशा उत्तर द्यायची. फोटोत एक मांजर होतं.

पलीकडच्या घरातून रोज सकाळी निळा गणवेश घातलेली एक सोनेरी केसांची बाई वृद्धाश्रमातल्या कामावर जायची. मी कुंपणावरून हात हलवून इंग्रजीत म्हणायचो, "थँक यू, साशा." ती म्हणायची, "वेलकम." यात शंका घेण्यासारखं काय होतं? त्या घरात एक अवाढव्य दाढीवाला माणूसही राहायचा. तो ब्रेडच्या कारखान्यात रात्रपाळी करायचा आणि आम्हाला फक्त कचऱ्याचा डबा बाहेर आणताना दिसायचा. त्याला आम्ही 'साशाचे यजमान' म्हणायचो.

"एवढं करते ती," मुग्धा, म्हणजे माझी बायको, म्हणायची, "आणि हे यजमान नुसते डबे ओढतात."

ताईला मात्र साशाची चौकशी करायची होती. "काय नाव म्हनालास? साशा? अर्थ काय त्याचा?"

आमच्याकडं नावाला अर्थ नसेल तर ते नाव नव्हे, नुसता आवाज. मी साशाला मेसेज करून विचारलं. दुपारी उत्तर आलं, चांगलं लांबलचक. साशा हे घरचं नाव, कागदावर अलेक्झांडर किंवा अलेक्झांड्रा. मूळ शब्द जुना ग्रीक, दोन तुकड्यांचा: एकाचा अर्थ राखणं, दुसऱ्याचा माणूस. माणसांना राखणारा, किंवा राखणारी. ग्रीसमधून धर्माबरोबर ते नाव रशियात गेलं, तिथल्या थंडीत आज्यांनी लाडानं त्याला अलेक्साशा केलं, मग पुढचा भाग गळून नुसतं साशा राहिलं. आम्ही लाटव्हियाचे, पण घरात रशियन बोलतो, तिथंही तसंच. मुलगा असो, मुलगी असो, साशा. वर्गात चार साशा होते, दोन मुलं, दोन मुली, बाई हाक मारायच्या तेव्हा चौघं उभे राहायचे.

मी तो मेसेज तीनदा वाचला. शाळेत सिकंदराचा धडा पाठ केला होता, तो हाच अलेक्झांडर. बियास नदीवरून परत फिरलेल्या माणसाचं नाव शेकडो वर्षं आजीच्या मांडीवर झिजत झिजत आमच्या शेजारी येऊन राहिलं होतं आणि बाळाच्या टोप्या विणत होतं. मला भरून आलं.

ताईला सगळं मराठीत करून सांगितलं.

"थांब," ती म्हणाली. "म्हंजी नाव ऐकलं तर पोरगं का पोरगी, कळतच न्हाय?"

"नाही कळत."

पलीकडं मशीन थांबलं. 

"चांगलं हाय की," ताई म्हणाली. मग एकदम कामाला लागल्यासारखी, "बसीव तिला माझ्या जागी."

मी साशाला लिहिलं: 'आमच्याकडं बाळाचं नाव वडिलांची बहीण ठेवते. माझी बहीण येऊ शकत नाही. तिच्या जागी तुम्ही बसाल का?' त्या दिवशी उत्तर नाही. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी आलं: 'मीच योग्य आहे, याची खात्री आहे?' मी लिहिलं, शंभर टक्के. (गुणवत्ता विभागात आम्ही शंभर टक्के हा शब्द सहजासहजी वापरत नाही.) मग आलं: 'होय. बहिणीच्या जागी बसेन. काय शिकायचं आहे?'

मी सगळं कळवलं. पाटावर बसायचं. मांडीवर साडी मिळेल. बाळाच्या कानात नाव सांगायचं आणि 'कुर्र' करायचं. त्या वेळी बाकीच्या बायका आत्याच्या पाठीत धपाटे घालतील, पण ते प्रेमानं.

साशाचं उत्तर: 'माझी पाठ मजबूत आहे.'

"किती गोड आहे रे," मुग्धा म्हणाली.

नावावर आमच्याकडं एकमत झालं होतं. पत्रिकेप्रमाणे अक्षर 'सा' आलं होतं. सासूबाईंनी सानिका सुचवलं, ताईनं होकार दिला, सासूबाईंनी तीन दिवस खपून पांढऱ्या दुपट्यावर निळ्या दोऱ्यानं 'सानिका' भरलं आणि दुपटं स्वयंपाकघरातल्या प्रेसमध्ये (इथं कपाटाला प्रेस म्हणतात) लपवून ठेवलं.

बारशाच्या दिवशी आमच्या बैठकीच्या खोलीत कारखान्यातल्या आणि हॉस्पिटलातल्या मिळून नऊ मराठी बायका जमल्या. पाळण्याला फुगे लावले. वरवंटा नव्हता, म्हणून लाटण्यालाच टोपडं घातलं. वडूजला ताईनं शेजारच्यांचा मोठा टीव्ही मधल्या खोलीत आणून फोनला जोडला होता आणि समोर अख्खी गल्ली बसली होती. "माझी कासलबारची भन बघा आता," असं ती सगळ्यांना सांगत असलेलं मला फोनमधून ऐकू येत होतं.

बेल वाजली. मी दार उघडलं.

दारात साशाचे यजमान उभे होते. काळा सूट, ओले करून विंचरलेले केस, दाढी नीट कापलेली. हातात नक्षीच्या रुमालावर एक गोल पाव, पावाच्या मधोमध खड्डा, खड्ड्यात मीठ; त्यांच्याकडची शुभकार्याची भेट. त्यांच्या मागं सोनेरी केसांची साशा.

"या, या," मी म्हणालो आणि यजमानांच्या खांद्यावरून मागं बघत साशाला म्हणालो, "साशा, सगळे तुमचीच वाट बघतायत."

"मी तयार आहे," यजमान म्हणाले.

मी हसलो. ते हसले नाहीत.

"तुम्ही... साशा?"

"साशा." त्यांनी पाव एका हातात घेऊन छातीवर हात ठेवला. "अलेक्झांडर."

"मग या?"

"मी पण साशा," त्या म्हणाल्या. "अलेक्झांड्रा. गंमत आहे ना? लग्नात पाद्रीसुद्धा गोंधळला होता."

सहा वर्षांत एकही खोकं चुकीचं गेलेलं नाही. 

मी दोघांना बाहेरच थांबवून मुग्धाला ओढत स्वयंपाकघरात नेलं.

"टोप्या त्यानं विणल्यात?" मुग्धा म्हणाली.

"तो प्रश्न आत्ता महत्त्वाचा आहे का?"

"संदीप, सुईणीसारखे सल्ले देणाऱ्या त्या माणसाला मी स्तनपानाबद्दल विचारलंय."

"काय म्हणाला?"

"म्हणाला, बायकोला विचारून सांगतो. मला वाटलं, भाषांतराचा घोळ असेल." ती दाराकडं वळली. "सल्ला चांगला होता पण."

मला एक सरळ मार्ग दिसला. दोघांचं नाव साशा आहे, बाई बसली तर कुणाशीही खोटं बोलल्यासारखं होत नाही. मी बाहेर जाऊन अलेक्झांड्राबाईंना हळूच विनंती केली.

त्यांनी माझ्याकडं अशी नजर टाकली की मी एक पाऊल मागं सरकलो. "तुम्ही त्याला विचारलंत. आम्ही या देशात चौदा वर्षं आहोत. त्याला लोक फर्निचर उचलायला बोलावतात. कुटुंबात बसायला पहिल्यांदा कुणी बोलावलंय. आठवडाभर तो ब्रेडच्या यंत्रापुढं उभा राहून 'कुर्र' करतोय."

साशा, म्हणजे दाढीवाले साशा, पायपुसण्यावर बूट काढून ठेवत होते. त्यांचे मोजे नवे आणि पिवळे होते, बाळाच्या टोपीच्याच लोकरीचे.

माझ्यात हिंमत असती तर मी त्याच क्षणी ताईला सांगितलं असतं. नव्हती. गल्लीसमोर तिची मान खाली जाईल, या एका भीतीनं मी फोन पुस्तकांच्या फळीवर अशा कोनात लावला की वडूजला फक्त पाळणा आणि पाटाच्या पुढचा भाग दिसेल. साशांना पाटावर बसवलं. पाट कुरकुरला. सासूबाईंनी त्यांच्याकडं एकदा पाहिलं, माझ्याकडं एकदा पाहिलं आणि खालच्या आवाजात म्हणाल्या, "हे तुमच्याकडं चालतं का?" पण हातातलं कुंकू खाली न ठेवता त्यांनी ते त्यांच्या कपाळाला लावलं आणि हिरवी साडी मांडीवर ठेवली.

आता वडूजला पाळणा, हिरवी साडी आणि तिच्यावर आदरानं ठेवलेले दोन भलेमोठे पंजे दिसत होते.

"आगं बया, हात बघ केवढं," तिकडून कुणीतरी म्हणालं.

"थंडीनं सुजत आसत्याल," दुसरीनं सांगितलं.

"कष्टाची बाई हाय," ताई अभिमानानं म्हणाली. "बाळ्या, तोंड दाव की रं तिचं."

"ताई, नेटवर्क... कोन बदलला की जातंय."

"बरं मग फोन लाव तिच्या कानाला. नाव मी सांगनार. आत्याचं काम हाय ते, तू मधी पडू नगंस."

याचा मी विचारच केला नव्हता. मी म्हणालो, मी सांगतो ना त्यांना. ताई म्हणाली, तू न्हाय. मी म्हणालो, त्यांना मराठी येत नाही. ताई म्हणाली, नाव मराठीत असतंय व्हय? आमचं हे चाललेलं असताना साशांनी 'फोन' हा शब्द ओळखला, हात लांब करून फळीवरून फोन घेतला आणि कानाला लावला.

व्हिडिओ चालू होता. वडूजच्या मधल्या खोलीत, उधार आणलेल्या मोठ्या टीव्हीवर, एक लालसर कान आणि त्याच्याखाली पसरत गेलेली दाढी उगवली.

गल्ली गप्प झाली. आमच्या नऊ बायकाही गप्प झाल्या. बाळ तेवढं आनंदानं काहीतरी बोललं.

"संदीप." ताई मला बाळ्या म्हणते. संदीप फक्त परीक्षेचा निकाल विचारताना. "हे काय हाय?"

मी गुडघ्यावर बसून त्या कानाच्या दिशेनं सगळं सांगितलं. दोन साशा, निळा गणवेश, मांजराचा फोटो, सगळं. माझा आवाज नववीतल्या पोरासारखा झाला होता. साशांना शब्द कळत नव्हते, पण काय चाललंय ते कळलं असावं. त्यांनी फोन पाटाच्या कडेला ठेवला, साडीची घडी दोन्ही हातांनी हळूच उचलली आणि माझ्यापुढं धरली, परत घ्या म्हणून.

ते मला आजही आठवतं.

"टोपी कुनी इनली?" ताईनं विचारलं.

"यांनी."

"तुझ्या बायकूला सूप?"

"यांनीच."

"पोरीला पोटात कळ आली तवा पिशवी?"

"यांनी, ताई."

तिकडं कुजबूज सुरू झाली. ताईनं ती एका 'गप बसा गं'नं बंद केली. "आत्या काय लुगड्यानं हुती व्हय? त्यांच्या मांडीवर ठिव ती साडी परत. आन् फोन कानाला. सगळी गप."

मी साडी परत ठेवली. साशांनी फोन कानाला लावला. ताई काहीतरी हळू बोलली. साशांचा चेहरा गोंधळला. त्यांनी माझ्याकडं पाहिलं.

"त्या मला हाक मारतायत," ते इंग्रजीत म्हणाले. "नाव सांगत नाहीत. साशा, साशा म्हणतायत."

"ताई, तू नाव सांग ना. सानिका."

"त्यास्नी बराबर कळलंय. तुलाच कळंना." ताईचा आवाज आता मोठा होता, गल्लीलाही ऐकू जाईल असा. "माझं नाव ठिवलं ते पाळन्यात पोरगी बघून ठिवलं. ह्या पोरीचं आसं ठिवायचं, की हाक मारली तर मानूस वळंल. पोरगी हाय का पोरगं, ते ज्याला बघायचं त्यानं मागनं बघावं. आन् राखनारी हाय म्हनालास ना अर्थ? मला पायजेलच हुतं तसं एक नाव. मला न्हाय मिळालं, तिला मिळू दे."

मी अक्षरशः तोंड उघडून ऐकत राहिलो. नववीत शाळा सोडलेल्या माझ्या बहिणीनं शिलाई मशीनवर बसून, कधी न ऐकलेल्या भाषेतलं एक नाव एकदाच ऐकलं होतं, आणि आमच्या घरातल्या कुठल्या कोपऱ्यात ते बरोबर बसेल हे तिला कळलं होतं. मला पदवी मिळाली, अक्कल तिच्याकडंच राहिली.

मी साशांना इंग्रजीत सांगितलं. ते खाली वाकले, दाढी बाळाच्या गालाला लागू नये म्हणून एका हातानं बाजूला धरली आणि कानात स्वतःचंच नाव सांगितलं. मग ट्रॅक्टर चालू व्हावा तसं केलं: "कुर्र्र्र."

बाळ खुदकन हसलं. पहिल्यांदाच असं आवाज करून.

मग धपाटे सुरू झाले. नऊ बायका, सगळ्यांत पुढं सासूबाई. त्यांचा पहिलाच धपाटा असा बसला की त्यांचंच मनगट दुखावलं, आणि उरलेलं बारसं त्यांनी गोठवलेल्या मटारची पिशवी हाताला लावून पार पाडलं. साशांच्या डोळ्यांतून पाणी येत होतं. बायकांना वाटलं, जोरात लागलं. सगळ्या माफी मागायला लागल्या आणि ते मान हलवून खुणेनं सांगत होते, अजून मारा.

सासूबाई मटार सांभाळत म्हणाल्या, "सगळं छान झालं. पण माझं दुपटं? तीन दिवस सानिका भरत होते मी."

साशांनी दुपटं मागून घेतलं, खिडकीशी नेऊन टाके तपासले. पूर्वी ते मासेमारीच्या बोटीवर होते. जाळी दुरुस्त करता करता विणकाम शिकले. "पहिलं अक्षर तसंच ठेवलं तर चालेल का?" त्यांनी विचारलं. मी म्हणालो, चालेल. चार दिवसांनी दुपटं परत आलं. 'सा' सासूबाईंचा, 'शा' साशांचा. सासूबाई पुण्याला गेल्या त्या हे सांगत, की त्यांचा टाका जास्त सरळ आहे. खरं तर नाही.

ताईचा व्हिसा उन्हाळ्यात आला. ती दीड महिना राहिली आणि त्यातला महिनाभर पलीकडच्या घरी होती. दोघांना एकमेकांची भाषा येत नाही. तरी ती परत जाताना साशांना ब्लाऊजचं कटिंग येत होतं आणि ताईला बिटाचं सूप. ताई त्यात हिंग घालते. साशा म्हणतात, हिंगाशिवाय आता बरं लागत नाही. पुण्याला हे आम्ही कळवलेलं नाही.

आता संध्याकाळी मुग्धा मागच्या दारातून "साशा" अशी हाक मारते तेव्हा कुंपणापलीकडून दोन माणसं डोकं वर करतात आणि गवतात रांगणारी आमची पोरगी वळून बघते. कोण कोणती साशा, हे विचारायची कुणालाच गरज पडत नाही.

मागच्या महिन्यात कारखान्यात मला नव्या मुलांना प्रशिक्षण द्यायला सांगितलं. विषय: लेबलवर विश्वास ठेवू नका. मी तासभर फार कळकळीनं बोललो. खोकं उघडून आत काय आहे ते स्वतःच्या डोळ्यांनी पाहिल्याशिवाय सही करायची नाही, असं बजावून सांगितलं. एका मुलीनं विचारलं, "तुमच्याकडून कधी चूक झाली नाही?"

"कारखान्यात नाही," मी म्हणालो. "आत्या मात्र नुसत्या लेबलवर घेतली."